पदक आणि पडदा

क्रीडापटांनी समाजाला काय दिले, असे विचारले की मुले मैदानाकडे वळली, हे उत्तर तयार असते. मला ते अपुरे वाटते. आपले कोणाला म्हणायचे, ही समजूत चांगला क्रीडापट बदलतो आणि त्याचा ठसा तिथेच टिकतो.

‘चक दे! इंडिया’ घ्या. २००२ साली मँचेस्टरच्या राष्ट्रकुल स्पर्धेत भारताच्या महिला हॉकी संघाने अंतिम सामन्यात इंग्लंडला ३-२ असे हरवले. कर्णधार होती मणिपूरची सूरजलता देवी. एवढे सुवर्ण जिंकूनही या मुली घराघरांत पोहोचल्या नाहीत. पाच वर्षांनी हा चित्रपट आला. त्यात शिबिराच्या नोंदणीपाशी मिझोराम आणि मणिपूरच्या मुलींना कौतुकाने ‘पाहुण्या’ म्हटले जाते, आणि आपल्याच देशात पाहुणे व्हायला कोणाला आवडेल, असा त्यांचा उलट सवाल असतो. जिंकलेल्या पदकाने जे विचारले नव्हते, ते या छोट्या प्रसंगाने प्रेक्षकाला विचारले.

यावर आक्षेप असा की लोकांच्या लक्षात चित्रपटातला प्रशिक्षक कबीर खान राहिला, सूरजलता नाही. शिवाय हे चित्रपट सत्य वाकवतात. दुसरा आक्षेप मला पूर्ण मान्य आहे. ‘दंगल’मध्ये अंतिम कुस्तीच्या वेळी प्रशिक्षकाच्या कारस्थानाने कुस्तीगीर मुलीचे वडील कोंडले जातात, प्रत्यक्षात २०१० साली दिल्लीच्या राष्ट्रकुल स्पर्धेत असे काही घडले नव्हते. नाट्यासाठी खऱ्या प्रशिक्षकांच्या नावाला डाग लागावा, हे गैरच. पहिल्या आक्षेपाला मात्र आपल्या सांगली जिल्ह्यातले उत्तर आहे. पेठ इस्लामपूरचे मुरलीकांत पेटकर १९६५च्या युद्धात गोळ्या लागून जायबंदी झाले आणि १९७२ साली हायडेलबर्गला पोहण्यात भारताचे पहिले पॅरालिम्पिक सुवर्ण जिंकले. पद्मश्री २०१८ साली मिळाली, म्हणजे सगळे श्रेय चित्रपटाला देता येणार नाही. पण त्यांच्यावरचा ‘चंदू चॅम्पियन’ हा चित्रपट २०२४च्या जूनमध्ये आला, त्यांचे नाव लोकांच्या तोंडी झाले, आणि २०२५च्या जानेवारीत त्यांनी जीवनगौरवाचा अर्जुन पुरस्कार स्वीकारला. सुवर्णपदक आणि हा पुरस्कार यांच्या मधे ५२ वर्षे गेली होती. ती का गेली, याची चर्चा या सभागृहात व्हावी, अशी स्वागत समितीची आपणांस आग्रहाची विनंती आहे.