आई रोबो नाही

मी सॉफ्टवेअर इंजिनिअर. म्हणजे सोसायटीत कुणाचाही प्रिंटर अडला की ज्याला बोलावतात, तो. (हशा)

गेल्या महिन्यात सांगलीहून आईचा फोन. बाबांचे डोळे तपासायचे होते, अपॉइंटमेंट ऑनलाइन. म्हणाली, "अरे, 'मी रोबो नाही' असं लिहिलंय इथे." म्हटलं, "मग टिक कर ना." "केलं रे, त्याचा विश्वासच बसत नाही!" (हशा)

मग आले नऊ चौकोन. फायर हायड्रंट ओळखा. आता सांगलीतल्या बाईने तो कुठे बघायचा? तिला दिसलं लाल, बुटकं काहीतरी. "पोस्टाची पेटी असेल." नापास! पुढे झेब्रा क्रॉसिंग. आपल्याकडचे पुसलेले पट्टे दाखवा, मशीनच रडेल. (हशा)

याला म्हणतात कॅप्चा. त्यातला 'टी' म्हणजे ट्युरिंग. १९५० साली अ‍ॅलन ट्युरिंगने विचारलं होतं, यंत्राला माणसासारखं बोलता येईल का? तेव्हा परीक्षक माणूस, परीक्षार्थी यंत्र. आता यंत्र पेपर काढतं आणि नापास होते माझी आई.

चौथ्यांदा चुकल्यावर ती हळूच म्हणाली, "जाऊ दे रे. मलाच जमत नाही. वय झालं आता." ही बाई तीस वर्षं भिशीचा हिशेब ठेवतेय, एक रुपया चुकला नाही कधी!

मला हसू आलं नाही. कारण आमच्या कंपनीच्या फॉर्मवर अगदी असाच कॅप्चा लावलाय... मी. (शांतता) लोक फॉर्म अर्धवट सोडून गेले की आमच्याकडे त्याला 'ड्रॉप-ऑफ' म्हणतात. दर सोमवारी मी तो आकडा बघतो. त्यात कुणाची तरी आई असेल, हे कधी डोक्यातच आलं नव्हतं.

अपॉइंटमेंटचं काय झालं? बाबा चपला घालून गेले, वीस मिनिटांत नंबर लावून आले. खिडकीतल्या माणसाने एकदाही विचारलं नाही, काका, तुम्ही रोबो आहात का? (हशा, टाळ्या)

सोमवारी टीमला सांगून मी ते चौकोन काढले. त्याऐवजी फॉर्ममध्ये एक रकाना ठेवला, माणसाला न दिसणारा. बॉट हावरट, दिसेल तो रकाना भरतो आणि सापडतो. सगळे बॉट नाही सापडणार, मान्य. पण निदान आता परीक्षा त्यांची आहे. आईची नाही.