चुलीपुढचा भिक्खू



येथे आम्हा पाहुण्यांना हार घातले गेले. मागे पहाटेपासून चुलीपाशी उभ्या असलेल्या भगिनींचे नाव मात्र कोणी घेतले नाही. म्हणून एका आचाऱ्याची हकिकत सांगतो.

इ.स. १२२३. जपानचा तरुण भिक्खू दोगेन धम्म शिकण्यासाठी चीनला गेला. जहाज बंदरात असताना तेथे ६१ वर्षांचे एक भिक्खू अळंबी विकत घ्यायला आले. ते एका विहाराचे आचारी. त्या विहाराला नाव आपल्या सम्राट अशोकाचे! दुसऱ्या दिवशी सण होता. संघासाठी शेवयांचे सार करायचे, पण त्यात घालण्याजोगे चांगले काही नव्हते. एवढ्यासाठी म्हातारा पाच-सहा कोस चालत आलेला.

दोगेनने मुक्कामाचा आग्रह केला. ते म्हणाले, मी नसलो तर उद्याचे जेवण बिघडेल. दुसरे कोणी नाही का? या वयात ध्यान, ग्रंथ सोडून चूल कशाला? यावर ते मोठ्याने हसले. साधना म्हणजे काय हे तुला अजून कळलेले नाही, म्हणाले आणि निघाले.

पुढे १२३७ साली दोगेनने आचाऱ्यांसाठीच ‘तेंझो क्योकुन’ लिहिले. तांदूळ निवडताना लक्ष कोठे असावे, एक दाणाही वाया कसा जाऊ नये, सारे त्यात आहे. ‘स्वयंपाकीच तर आहे’ असे मीही पूर्वी म्हणत असे. आता जीभ चावतो.

भाताची पातेली उतरवायला चार माणसे हवीत, असा निरोप आला आहे. एक मी येतो.

जय भीम, जय बुद्ध.