वाट तालुक्यातच ठरते

कर्जत आणि खालापूरच्या माझ्या वकील बंधू-भगिनींनो,

अध्यक्षपदासाठी माझं नाव सुचवणाऱ्यांचे आभार. स्वागताध्यक्षांनी माझ्याबद्दल जे सांगितलं, त्यातलं वय तेवढं खरं आहे. खोपोली, नेरळ, माथेरानहून आपण भर पावसात आलात, त्याबद्दल धन्यवाद देतो आणि कामाला लागतो.

पत्रिकेत माझा विषय 'भाडेनियंत्रण : काल, आज आणि उद्या' असा छापलाय. काल थोडक्यात आटोपतो. पहिल्या महायुद्धाच्या टंचाईत, १९१८ साली, मुंबईत भाड्यावर निर्बंध आले. १९४७ चा मुंबई भाडे कायदा तात्पुरता म्हणून आला आणि मुदतवाढ घेत घेत अर्धशतक टिकला. मालपे विश्वनाथ आचार्य प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने १९९७ साली सांगितलं, की गोठवलेलं भाडं आता वाजवी राहिलेलं नाही. मग महाराष्ट्र भाडे नियंत्रण अधिनियम, १९९९ हा ३१ मार्च २००० पासून लागू झाला. झाला इतिहास. उद्याचं तरुणांवर सोपवतो. 'आज'च्या वाट्याचा सगळा वेळ मी एकाच गोष्टीवर घालवणार आहे, कारण ती जाहीर बोलायची संधी मी कित्येक वर्षं शोधतोय.

आपल्या बाररूममध्ये दोन शब्द रोज ऐकू येतात : 'वर बघू'. उलटतपासात एक प्रश्न राहिला, वर बघू. कैफियतीत मुद्दा घेतला नाही, वर बघू. पक्षकार बिचारा मान डोलावतो. त्याला वाटतं, वर म्हणजे काहीतरी मोठं असणार.

वर आहे काय? भाडे नियंत्रण अधिनियमाच्या कलम ३३ प्रमाणे आपल्याकडचा भाडेवाद दिवाणी न्यायाधीश कनिष्ठ स्तर यांच्यापुढे चालतो. कलम ३४ खाली जिल्हा न्यायालयात अपील, मुदत तीस दिवस. त्यानंतर अपील नाही. दुसरं अपील कायद्यानेच बंद केलंय. म्हणजे पुरावा पाहणारी न्यायालयं दोनच, आणि त्यातल्या दुसऱ्यापुढेही आपण इथे लिहून घेतलेलीच साक्ष जाते. उच्च न्यायालय कायद्याची चूक पाहतं, अधिकारकक्षा पाहतं. पुरावा नव्याने तोलत नाही. चंदावरकर सीता रत्ना राव विरुद्ध आशालता गुरम या मुंबईच्याच भाडेवादात सर्वोच्च न्यायालयाने १९८६ साली राज्यघटनेच्या अनुच्छेद २२७ ची मर्यादा आखून दिली. तिला आता किती वर्षं झाली, तुम्हीच मोजा.

सकाळच्या सत्रात '११५ की २२७' यावर बरीच खडाजंगी झाली. माझं मत सांगतो. अपिलातल्या अंतिम हुकूमनाम्यावर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ११५ खाली रिव्हिजन करावं. अंतरिम हुकमावर २२७, कारण १ जुलै २००२ पासून, जो हुकूम आपल्या बाजूने झाला असता तरी दावा निकाली निघाला नसता, त्यावर ११५ चालतच नाही. आणि २२६ चं नाव काढू नका. दिवाणी न्यायालयाच्या न्यायिक हुकमावर ते चालत नाही, हे राधेश्याम विरुद्ध छबीनाथ या २०१५ च्या निकालात स्पष्ट झालंय. पण मित्रांनो, हा वाद जिंकून मिळतं काय?

खोपोलीच्या बाजारपेठेतला एक गाळा होता. मालकाला तो मुलासाठी हवा होता. समोरच मालकाचा दुसरा गाळा रिकामा पडलेला, हे अख्ख्या बाजाराला ठाऊक. भाडेकरूच्या वकिलांनी उलटतपासात त्यावर एकही प्रश्न विचारला नाही, कलम १६(२) खालच्या अधिक अडचणीचा पुरावाही दिला नाही. का? वर बघू! हुकूमनामा झाला, अपील फेटाळलं गेलं. उच्च न्यायालयात मुंबईच्या ज्येष्ठ वकिलांच्या मागे मी कागद घेऊन बसलो होतो. रिकाम्या गाळ्याचा विषय निघताच न्यायमूर्तींनी विचारलं, "कुठल्या पानावर आहे?" ते कुठल्याच पानावर नव्हतं. अर्ज ११५ खाली होता की २२७ खाली, हे त्या दिवशी कुणी विचारलंही नाही.

दुसरी तऱ्हा वाट चुकण्याची. नेरळचा फ्लॅट, लिव्ह अँड लायसन्सवर दिलेला. मुदत संपली, कलम २४ खाली सक्षम प्राधिकाऱ्याने ताब्याचा हुकूम केला. आमच्या एका स्नेह्यांनी सवयीने जिल्हा न्यायालयात अपील लावलं. त्या हुकमावर अपील नाहीच. कलम ४४ प्रमाणे नव्वद दिवसांत शासनाकडे किंवा शासनाने नेमलेल्या, अपर आयुक्तापेक्षा कमी दर्जाचा नसलेल्या अधिकाऱ्याकडे रिव्हिजन. आपल्यासाठी ते बेलापूरचं कोकण भवन. अपील परत येईपर्यंत फ्लॅटचं कुलूप बदललं होतं आणि दुप्पट दराने नुकसानभरपाई चढत होती ती वेगळीच.

तिसरी तऱ्हा खालापूरच्या कारखाना पट्ट्यात रोज दिसते. गोदाम कंपनीला दिलेलं असतं. तिचं भरणा झालेलं भागभांडवल एक कोटी किंवा त्याहून अधिक असेल, तर कलम ३ प्रमाणे हा अधिनियम तिला लागूच नाही. जागा अधिनियमाच्या अनुसूचींमधल्या क्षेत्राबाहेर असली तरी तेच. मग मालमत्ता हस्तांतरण अधिनियमाच्या कलम १०६ ची नोटीस, साधा दावा, दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ९६ चं पहिलं अपील आणि कायद्याचा भरीव प्रश्न असेल तर कलम १०० चं दुसरं अपीलही. म्हणजे रस्त्याच्या अलीकडच्या गाळ्याला दुसरं अपील नाही आणि पलीकडच्या गोदामाला आहे! हे निकालानंतर शोधायचं असतं का? ज्या दिवशी वकीलपत्रावर सही घेता, त्याच दिवशी ते ठरलेलं असतं. आपण कर्जतकर आहोत. पळसदरीला फाटा फुटतो हे माहीत असूनही घाट चढणाऱ्या गाडीत बसून खोपोलीची वाट बघणारा माणूस आपल्यात शोभतो का?

आणि 'वर' जाणं फुकट नाही. सर्वोच्च न्यायालयाच्या आत्माराम प्रॉपर्टीज निकालापासून स्थगिती हवी तर बाजारभावाने पैसे भरण्याची अट पडू शकते. जुन्या भाडेकरूला कधीकधी ती अटच घराबाहेर काढते.

काही मित्र म्हणतात, कायदाच सोपा व्हायला हवा. जरूर व्हावा. पण त्याची वाट बघत बसलेल्या वकिलांपेक्षा, भाडेपावत्यांची पिशवी घेऊन पहाटेच्या लोकलने निघणाऱ्या म्हाताऱ्या पक्षकारांची मला जास्त काळजी वाटते. पूर्वी इथले जुने वकील दावा लिहायला घेण्याआधी जागा स्वतः पाहून यायचे. रिकामा गाळा त्यांच्या नजरेतून सुटला नसता.

संकल्प मांडायची प्रथा आहे, म्हणून मांडतो. वकीलपत्राला जोडायचा एक पानी तक्ता आपण करावा : अधिनियम लागू आहे का, भाडेकरू की परवानाधारक, कुठलं न्यायालय, पुढे कुठे, किती दिवसांत. नव्या वकिलांसाठी उलटतपासाचे वर्गही घ्यावेत. कुणी, कधी, कुठे, ते चहाच्या वेळी बोलू.

माझं म्हणणं संपलं. ज्यांना ते पटलं नाही त्यांनी जेवणानंतरच्या सत्रात जरूर उठावं, फक्त अधिनियम हातात घेऊन उठावं. आणि उत्तर देताना 'ते वर बघू' म्हणालात, तर अध्यक्ष या नात्याने मी तुम्हाला खाली बसवीन.