दोन भाव, दोन चिठ्ठ्या



चतुर्थीच्या आधीचा संगमेश्वरचा बाजार तुम्हांला ठाऊकच आहे. मोदकांसाठी नारळ आणि गूळ घरोघर लागतो. समजा, एका घरी ५ नारळ आणि १ किलो गूळ आणला. वाण्याच्या चिठ्ठीवर नुसती बेरीज आहे : २१० रुपये. आकडे मी हिशेबाच्या सोयीसाठी घेतले आहेत, बरं का. आता नारळ काय भावानं पडला आणि गूळ काय भावानं?

नारळ ३० रुपयांचा धरा, गूळ ६० रुपये किलो पडतो. नारळ २५ चा धरा, गूळ ८५ चा. नारळ २० चा धरला, तर गूळ ११० चा. तिन्ही उत्तरं बेरजेला जुळतात! शास्त्री आणि सोनवी एकत्र झाल्यावर संगमाच्या खाली घागर भरली, तर तिच्यात कोणत्या नदीचं पाणी किती, हे कोण सांगणार? बेरजेचंही तसंच आहे. दोन भाव अज्ञात असतील, तर एका चिठ्ठीनं भागत नाही.

म्हणून शेजारच्या घरची चिठ्ठी मागावी. दुकान तेच, दिवस तोच, माल तोच. त्यांनी ५ नारळ आणि ३ किलो गूळ नेला. झाले ३३० रुपये. नारळ दोघांचे सारखेच. मग वरचे १२० रुपये कशाचे? वरच्या २ किलो गुळाचे. गूळ ६० रुपये किलो, आणि पहिल्या चिठ्ठीवरून नारळ ३० रुपयांना. इथं कुठंही अंदाज केलेला नाही.

पण नारळ सारखे नसले तर? एकानं ३ नारळ आणि २ किलो गूळ २१० रुपयांना घेतला. दुसऱ्यानं २ नारळ आणि ३ किलो गूळ २४० रुपयांना. तर नारळ आपणच सारखे करावेत. पहिली खरेदी दुप्पट केली : ६ नारळ, ४ किलो गूळ, ४२० रुपये. दुसरी तिप्पट केली : ६ नारळ, ९ किलो गूळ, ७२० रुपये. फरक ५ किलो गुळाचा आणि ३०० रुपयांचा. पुन्हा गूळ ६० आणि नारळ ३०. शाळेत ह्यालाच निरसन म्हणतात. निरसन म्हणजे एक अज्ञात काढून टाकणं.

हे गणित आपल्याकडे जुनंच आहे. नवव्या शतकात, राष्ट्रकूट राजा अमोघवर्ष ह्याच्या काळी, महावीराचार्यांनी ‘गणितसारसंग्रह’ लिहिला. त्यात महाळुंगांचा आणि कवठांचा प्रश्न आहे. ९ महाळुंगं आणि ७ कवठं ह्यांचं मोल १०७. ७ महाळुंगं आणि ९ कवठं ह्यांचं १०१. इथं आकडे उलटसुलट आहेत, म्हणून एक सोपी वाट आहे. दोन्ही खरेद्यांची बेरीज केली, तर १६ जोड्यांचे २०८, म्हणजे एका जोडीचे १३. वजाबाकी केली, तर २ महाळुंगं २ कवठांपेक्षा ६ नं महाग, म्हणजे एक महाळुंग एका कवठापेक्षा ३ नं महाग. तेव्हा महाळुंग ८ ला आणि कवठ ५ ला.

आता दोन सावधगिरीच्या गोष्टी. दुसरी चिठ्ठी १० नारळ, २ किलो गूळ आणि ४२० रुपये अशी असेल, तर ती पहिलीचीच दुप्पट झाली. तिनं नवं काही सांगितलं नाही. आणि तीच चिठ्ठी ४०० रुपयांची असेल, तर एक तर बेरीज चुकली, नाहीतर दोघांना एकच भाव लागलेला नाही. तेव्हा दुकानात जाऊन शांतपणे विचारावं. हिशेब हाती असला म्हणजे आवाज चढवावा लागत नाही.

गुरुजनांना एक विनंती. पुष्कळ मुलं क्ष आणि य पाहूनच बिचकतात. त्यांना आधी चिठ्ठ्या द्या, तोंडी बोलू द्या, “जास्तीचे पैसे कशाचे?” एवढंच विचारा. बाराव्या शतकात भास्कराचार्यांनी आपल्या ‘बीजगणिता’त पहिल्या अज्ञाताला यावत्तावत् म्हटलं आणि पुढच्यांना कालक, नीलक, पीतक अशी रंगांची नावं दिली. आपणही एका अज्ञातासाठी काळा खडा आणि दुसऱ्यासाठी पांढरा खडा मांडावा. क्ष आणि य मागाहून येतील, आणि तेव्हा ते परके वाटणार नाहीत.

जाता जाता एक प्रश्न देतो. एका बाईंना लावणीचे ४ दिवस आणि बेणणीचे ३ दिवस मिळून २५०० रुपये मजुरी मिळाली. त्याच दरानं दुसऱ्या बाईंना लावणीचे ३ दिवस आणि बेणणीचे ४ दिवस मिळून २४०० मिळाले. तर दोन्ही कामांची रोजची मजुरी किती? आज रात्री जेवणं झाल्यावर मुलांना घेऊन बसा. उत्तर मी सांगत नाही. आलेली मजुरी दोन्ही बेरजांत घालून ताळा पाहा. बरोबर की चूक, ते तुमचं तुम्हांलाच कळेल.