हैदराबाद पाहताना

मैत्रिणींनो, १९४८ पर्यंत परभणी निजामाच्या राज्यात होती, म्हणजे हैदराबाद आपलीच राजधानी. सहलीत गाईडने १५९१ चा चारमिनार दाखवला, चौमहल्ला राजवाड्यातली झुंबरं दाखवली. रझाकारांचे अत्याचार, पोलीस अ‍ॅक्शननंतरची मुसलमानांची कत्तल, यांची खूण कुठे दाखवली नाही. सुंदरलाल समितीचा अंदाज २७ ते ४० हजार मृतांचा. बलात्कार, पळवलेल्या बाया, प्रेतांनी भरलेल्या विहिरी, सगळं त्या अहवालात आहे. सरकारने तो कित्येक दशकं दाबून ठेवला! आपल्या शेजारचा नांदेड जिल्हा सर्वाधिक होरपळलेल्या चारांपैकी. १७ सप्टेंबरला झेंडावंदन झालं की ऐंशी पार केलेल्या हिंदू-मुसलमान म्हाताऱ्यांजवळ बसू या. विचारू, त्या साली गावातल्या कोणत्या विहिरीचं पाणी भरणं बंद झालं?