नाही म्हणणाऱ्या नायिका

मी पिंपळगाव बसवंतहून आले आहे. आमच्याकडे द्राक्षांच्या खुड्याला बसलेल्या बायकांमध्ये ‘उंबरठा’ सिनेमाचा विषय काढून बघा. हात थांबत नाहीत, पण लगेच दोन तट पडतात. ‘नायिकेनं, सुलभानं, घर सोडलं ते चुकलंच’ म्हणणाऱ्या एकीकडे, बाकीच्या दुसरीकडे. १९८२ चा सिनेमा, भांडण अजून ताजं!

खळबळजनक सिनेमा म्हटला की आपल्याला तोकडे कपडे आठवतात. मराठीत मोठी खळबळ उडवली ती अंगभर लुगडं नेसलेल्या नीरानं, १९३७ साली, प्रभातच्या ‘कुंकू’त. मामानं पैशासाठी म्हाताऱ्या वकिलाच्या गळ्यात बांधलेली ही पोर त्याच्याशी संसार करायला साफ नकार देते. शांता आपटेंनी ती अशी उभी केली, की केशवराव दात्यांचे काकासाहेबच बिचारे वाटू लागतात. बाई पडद्याबाहेरही तशाच होत्या. १९३९ मध्ये प्रभातशी बिनसलं, तर स्टुडिओच्या फाटकावर उपोषणाला बसल्या. सिनेमाच्या शेवटी मात्र दिग्दर्शक शांतारामबापू कचरले, असं मला वाटतं. काकासाहेब जीव देतात आणि नीरा सुटते. म्हणजे सुटका केली ती नवऱ्यानंच.

सुटकेची दुसरी वाट सुडाची. तिकडे फिलिपाइन्समध्ये, मार्कोस यांच्या लष्करी कायद्याच्या काळात, लिनो ब्रोका यांनी १९७६ साली ‘इन्सियांग’ काढला. मनिलाची झोपडपट्टी, आणि आईच्या याराकडून अत्याचार झालेली मुलगी. हिल्डा कोरोनेलची इन्सियांग आईच्याच हातून त्याचा काटा काढवते. दोन वर्षांनी हा सिनेमा कान महोत्सवात गेला.

‘उंबरठा’त ना आत्महत्या सोडवायला येते, ना सूड. जब्बार पटेलांचं दिग्दर्शन, तेंडुलकरांची पटकथा. सुलभा महिलाश्रमाची नोकरी धरते. तिथल्या दोन मुलींचं एकमेकींवरचं प्रेमही हा सिनेमा त्या काळात दाखवतो. पुढे सुलभा घरी परतते, तर नवऱ्याचं दुसरीकडे जुळलेलं. गिरीश कर्नाडांचा तो नवरा राक्षस नाही, चांगला सुशिक्षित आहे. म्हणून तर जास्त बोचतो. आणि स्मिता पाटीलांची सुलभा आरडाओरडा न करता पुन्हा घराबाहेर पडते, पोटची पोर मागे ठेवून. नीराला मरण सोडवतं, इन्सियांगला सूड. सुलभा मात्र स्वतःच्या पायांनी जाते, आणि तेच आपल्याला अजून पचत नाही.

दोन्ही मराठी सिनेमे पुन्हा बघा. एकट्यानं नको, सासूबाईंना शेजारी बसवून बघा. त्या कुणाची बाजू घेतात, ते मला नक्की कळवा.