मुखडा धाकट्याचा
(माजी विद्यार्थी स्नेहमेळाव्यातील भाषण)

गुरुजनहो, आणि १९८६ च्या दहावीच्या दोस्तांनो,

विषय मला दिलाय 'सांगली आणि सिनेसंगीत'. सिनेमातलं मला फार कळत नाही. पण स्नेहसंमेलनात पडद्याजवळ बसून पेटी वाजवणारा मीच, ढोलकीवर माझा धाकटा भाऊ आणि गायला ताई, हे तुम्हाला आठवत असेल. तेव्हा घरातल्या गाण्याबद्दल बोलतो.

आपल्या गावात असं घर होतं मंगेशकरांचं. मास्टर दीनानाथांची बळवंत संगीत मंडळी नाटकं करायची. बोलपट आल्यावर नाटकाचा प्रेक्षक तिकडे वळला, म्हणून मंडळीही तिकडे वळली. बळवंत पिक्चर्सचा 'कृष्णार्जुन युद्ध' १९३४ मध्ये आला, पडला, आणि कर्जानं सगळंच बुडालं. आशाताई त्याच्या आदल्याच वर्षी सांगलीत जन्मलेल्या. १९४२ च्या एप्रिलमध्ये दीनानाथ पुण्यात गेले, तेव्हा लताबाईंना तेरावं चालू होतं आणि हृदयनाथ साडेचार वर्षांचे.

ज्या सिनेमानं बापाला बुडवलं, त्यातच पोरांना पोट भरायला जावं लागलं. लताबाई त्याच वर्षी 'पहिली मंगळागौर'मध्ये दिसल्या, आशाताई पुढच्या वर्षी 'माझं बाळ'मध्ये गायल्या. त्या गायिका झाल्या हे जगाला माहीत आहे. पण या घरानं चालीही दिल्या, तिकडे आपलं लक्ष कमी जातं. मीनाताईंनी १९६१ मध्ये 'माणसाला पंख असतात'ला संगीत दिलं. आपल्या मुलांना झोपवताना आपण 'चॉकलेटचा बंगला' लावतो ना, तीही चाल त्यांचीच, आणि गाऊन घेतलं स्वतःच्या मुलांकडून. हृदयनाथांचा 'जैत रे जैत' तर मी सांगलीत तीनदा पाहिला. चाली भावाच्या, आवाज दोन्ही बहिणींचे. 'लेकिन'साठी भावाला संगीताचं आणि बहिणीला गायनाचं राष्ट्रीय पारितोषिक मिळालं.

पण मला सांगायचंय ते आनंदघनबद्दल. भालजी पेंढारकरांच्या 'मोहित्यांची मंजुळा', 'मराठा तितुका मेळवावा', 'साधी माणसं' आणि 'तांबडी माती' या चार चित्रपटांचं संगीत या नावानं आहे. 'साधी माणसं'ला राज्य पुरस्कार मिळाला. समारंभात आनंदघन हे नाव पुकारलं, तर कुणी उठेचना. लताबाई समोरच बसलेल्या. शेवटी सूत्रसंचालकानंच सांगून टाकलं, तेव्हा कुठे त्या उठल्या.

'ऐरणीच्या देवा'सारखी चाल केली आणि वर नाव नाही! हे वाचलं त्या रात्री मला झोप लागली नाही. कारण सांगतो.

सहा वर्षांपूर्वी आम्हा भावंडांना एका छोट्या मराठी चित्रपटाची दोन गाणी मिळाली. आमच्या माडीवर बसून चाली केल्या. पहिल्या गाण्याचा मुखडा धाकट्याचा. ढोलकीची शाई पुसता पुसता तो गुणगुणत होता, मी पेटीवर धरला. अंतरे मी बांधले. चित्रपट लागला तेव्हा श्रेयनामावलीत 'संगीत' म्हणून एकट्या माझं नाव होतं. निर्मात्याला एकच नाव हवं होतं, असं मी घरी सांगितलं.

खरं तसं नव्हतं. निर्मात्यानं मला फोनवर विचारलं होतं, "दादा, किती नावं टाकायची?"

धाकटा भांडला नाही. त्यानं फक्त माडीवरची ढोलकी उचलून स्वतःच्या घरी नेली. दिवाळीला येतो, जेवतो, जातो. आईच्या तेराव्यालाही आम्ही बोललो ते मांडववाल्याच्या हिशोबापुरतंच.

तो आज आलाय. तिसऱ्या रांगेत, ताईच्या शेजारी. शाळा त्याचीही हीच, दोन वर्षं मागे.

तर सर्वांसमोर माइकवर सांगतो: त्या गाण्याचा मुखडा त्याचा आहे. निर्मात्यालाही परवा तसं लिहून पाठवलंय.

संध्याकाळच्या कार्यक्रमात माझं नाव आहे. पेटी आणलीय. ताई, त्याच्या गाडीत ढोलकी आहे का, विचार ना जरा.